टाइट एंडचा पोळा

उंची ६ फूट ५ इंच, वजन ११५ किलो, तळहात ताटाएवढे, आणि एवढं सगळं असून स्वभाव सोशिक. असा मुलगा तुमच्या घरात असेल, किंवा दुर्दैवाने तो तुम्हीच असाल, तर अमेरिकन फुटबॉलमध्ये तुमची जागा ठरलेली आहे. टाइट एंड व्हा.

क्वार्टरबॅक, म्हणजे मागे उभं राहून चेंडू फेकणारा सूत्रधार, व्हायचं स्वप्न असेल तर ते आत्ताच गुंडाळून माळ्यावर टाका. कॅन्सस सिटीचा नावाजलेला टाइट एंड ट्रॅव्हिस केल्सी, त्याचंही होतं. शाळेत असताना तो क्वार्टरबॅकच होता; सिनसिनाटी विद्यापीठात त्याला फेकायचं सोडून झेलायला उभं केलं. एवढ्या थोराड पोराने मागे उभं राहून नुसता विचार करावा, हे कोचलोकांना बघवत नाही.

आता काम समजून घ्या. रेषेवर मधोमध पाच धिप्पाड गडी असतात. त्यांनी फक्त समोरच्याला अडवायचं. चेंडू त्यांच्या वाट्याला येत नाही आणि त्यांची तशी अपेक्षाही नसते. लांब कडेला वाइड रिसीव्हर. त्यांनी पळायचं, झेलायचं आणि नाचायचं. टाइट एंड त्या पाच जणांना खेटून, रांगेच्या टोकाला. त्याने अडवायचंही आणि झेलायचंही. एकत्र कुटुंबातली मधली सून आठवा. पहाटे उठून पुरण तिनेच वाटायचं, आणि अकराला पाहुणे आले की ठेवणीतली साडी नेसून दारात हसत उभंही तिनेच राहायचं. पुरण बिघडलं तर बोलणी, हसू कमी पडलं तरी बोलणी.

एकच चाल जवळून बघा. तुम्ही वाकून एक हात जमिनीला टेकवलाय. समोर तुमच्यापेक्षा दहा-पंधरा किलोने जड डिफेन्सिव्ह एंड. चेंडू हलला की त्याच्या बगलेखालून दोन्ही तळवे छातीत रोवायचे, कोपरं आत, पाय बारीक बारीक टाकत, आणि त्याला दोन सेकंद तिथेच अडकवून ठेवायचं. जर्सी धरायची नाही. धरलीत आणि पंचाने पाहिलं तर अख्खा संघ दहा यार्ड मागे. मग त्याला सोडून सहा यार्ड पळायचं, गर्रकन मागे वळायचं, तोवर चेंडू तोंडाशी आलेला असतो. तो झेलायचा. त्याच क्षणी पाठीत लाइनबॅकर, म्हणजे बचावाच्या दुसऱ्या फळीतला गडी, येतो. हे झालं की उठायचं आणि पुढच्या चालीसाठी पुन्हा हात जमिनीला टेकवायचा.

सुपर बोल, म्हणजे हंगामाचा अंतिम सामना, आपल्याकडे सोमवारी पहाटे पाचला सुरू होतो. एका वर्षी आई चहाचा कप घेऊन माझ्याशेजारी येऊन बसली. थोडा वेळ पाहिलं आणि म्हणाली, "चेंडू तिकडे गेलाय ना? मग हा इकडे त्या माणसाच्या छातीत का शिरलाय?" इतका मुद्द्याचा प्रश्न समालोचकाला अख्ख्या सामन्यात सुचला नव्हता. मी समजावून सांगितलं. तिने पुढचा प्रश्न विचारला, "आणि या दुसऱ्या कामाचे वेगळे देतात का?"

नाही देत, आई. उलट कापतात.

त्याचा हिशेब पुढे सांगतो. आधी पात्रता बघू. टाइट एंड होण्यासाठी फुटबॉल यायलाच पाहिजे असं नाही. अँटोनियो गेट्स कॉलेजात फुटबॉलचा एकही सामना खेळला नव्हता. केंट स्टेटकडून बास्केटबॉल खेळायचा. २००३च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनएफएल या व्यावसायिक लीगचे संघ नवे खेळाडू निवडतात तेव्हा, त्याला कुणी विचारलं नाही, चार्जर्स संघाने नंतर असाच घेतला, आणि तो ११६ टचडाउन (चेंडू समोरच्यांच्या टोकाच्या रेषेपार नेला की टचडाउन) झेलून टाइट एंडांचा विक्रम करून बसला. २०२५ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये गेला. तेव्हा बास्केटबॉल जरूर खेळा. जिमी ग्रॅहमही त्याच वाटेने आला. फक्त टचडाउननंतर हौसेने गोलपोस्टच्या दांडीवरून चेंडू डंक करू नका. २०१३ मध्ये अटलांटात ग्रॅहमने केला तर खांब वाकला आणि सामना थांबवून तो सरळ करावा लागला. पुढच्या वर्षीपासून डंकला बंदी.

खांबापेक्षा महाग पडली ती दुसरी गोष्ट. त्या २०१३च्या हंगामात ग्रॅहमने १६ टचडाउन झेलले. अख्ख्या लीगमध्ये सर्वांत जास्त, वाइड रिसीव्हरांना धरून. त्याचा न्यू ऑर्लिन्स सेंट्सशी असलेला करार संपला होता, पण संघाने त्याच्यावर फ्रँचायझी टॅग लावला. टॅग म्हणजे कराराची मुदत संपली तरी आणखी एक वर्ष दावणीला बांधून ठेवायची सोय. पगार किती, तर तुमच्या जागेवरच्या सगळ्यात महागड्या खेळाडूंच्या हिशेबाने. टाइट एंडचा आकडा होता सुमारे ७० लाख डॉलर, वाइड रिसीव्हरचा १ कोटी २३ लाख.

ग्रॅहम म्हणाला, मी दर तीन चालींपैकी दोन वेळा रांगेपासून सुटा उभा राहतो, म्हणजे मी रिसीव्हर. प्रकरण लवादाकडे गेलं. जुलै २०१४ मध्ये निकाल लागला: टॅकलपासून, म्हणजे त्या पाच गड्यांतल्या टोकाच्या गड्यापासून, चार यार्डांच्या आत उभा राहतोस ना, मग तू टाइट एंडच. शिवाय स्वतःच्या ट्विटर खात्यावर त्याने आपली ओळख टाइट एंड अशीच दिली होती, तीही त्याच्या विरोधात पुरावा म्हणून निघाली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. तेव्हा नवोदितांनो, सोशल मीडियावर आपली ओळख देताना 'निसर्गप्रेमी', 'वाचनाची आवड' एवढंच लिहा. चार यार्ड म्हणजे साडेतीन मीटर. आमच्या हॉलची रुंदीही साधारण तेवढीच. तेवढ्यात ५० लाख डॉलर हरवू शकतात, हे सोफ्यावर बसून लक्षात येत नाही.

ग्रॅहम निदान भांडला. केल्सीने २०२० मध्ये चार वर्षांचा करार केला, वर्षाला सरासरी १ कोटी ४३ लाख डॉलरच्या आसपास. त्याच्याबरोबर कॅन्सस सिटीत झेलणारा टायरीक हिल वाइड रिसीव्हर. तो २०२२ मध्ये मायामीला गेला तो वर्षाला सरासरी ३ कोटीच्या भावाने. हिल गेला त्या हंगामात केल्सीने ११० झेल घेतले आणि संघ सुपर बोल जिंकला. यातून पगारवाढ मागायची असते असं तुम्हाला वाटत असेल, तर तुम्ही वाइड रिसीव्हर व्हा.

पैशाची फार चिंता नको, कारण तो खर्चायला वेळ कुठे मिळतो! रॉब ग्रोंकोवस्कीचा आदर्श ठेवा. ६ फूट ६ इंच, १२० किलो, न्यू इंग्लंड पेट्रियट्स. २०११ मध्ये त्याने १७ टचडाउन झेलले, एका हंगामातला टाइट एंडचा विक्रम. २०१२ मध्ये त्याने ५ कोटी ४० लाख डॉलरच्या करारावर सही केली. त्याच्या पुस्तकात त्याने सांगितलंय की खेळाच्या पगारातला एक छदामही त्याने मोडला नाही, जाहिरातींच्या पैशावर भागवलं. आपल्या आजोबांना हा माणूस फार आवडला असता.

करारावरची शाई वाळायच्या आत, त्याच नोव्हेंबरात, इंडियानापोलिसविरुद्ध सामना होता. पेट्रियट्सचे ५८ गुण झाले होते, सामना केव्हाच खिशात. टचडाउननंतरच्या एका जादा गुणासाठी लाथ मारायची होती. त्या एका गुणासाठी अडवायला ग्रोंकोवस्की उभा राहिला आणि त्याचा डावा हात मोडला. गुण मिळाला. निकाल ५९–२४. एवढा महाग माणूस तेव्हा तिथे काय करत होता, हे विचारू नका. मधल्या सुनेला जेवणं उरकल्यावर भांडी कशाला घासतेस असं कुणी विचारतं का? पुढे हाताच्या चार शस्त्रक्रिया झाल्या, पाठीच्या कॉलेजपासून धरून तीन, गुडघा २०१३ मध्ये गेला तो वेगळा.

फेब्रुवारी २०१९च्या सुपर बोलमध्ये त्याने २९ यार्डांचा झेल घेतला, त्यावरच सामन्यातला एकुलता एक टचडाउन झाला. त्या सामन्यात मांडीला मार बसला. पुढे त्यानेच सांगितलं, मांडीतून १००० मिलिलिटर रक्त काढावं लागलं. जिंकल्यानंतरच्या रात्री वीस मिनिटंही सलग झोप लागत नव्हती, डोळ्यांत पाणी होतं. आपल्याकडे लिटरचं दुधाचं पिशवीपाकीट मिळतं, ते हातात धरून बघा. दीड महिन्याने, वयाच्या २९व्या वर्षी, तो निवृत्त झाला. वर्षभराने परत आला, टँपाकडून आणखी एक सुपर बोल जिंकला, त्यात दोन टचडाउन, आणि २०२२ मध्ये पुन्हा निवृत्त झाला. आपल्याकडे निवृत्त मुख्याध्यापकही असेच शाळेत येत राहतात, पण त्यांची मांडी शाबूत असते.

सन्मान मिळत नाही असं कुणी म्हणू नये. ऑक्टोबरचा चौथा रविवार खास टाइट एंडांचा दिवस म्हणून साजरा होतो. सॅन फ्रान्सिस्कोच्या जॉर्ज किटलने तो गाजवला. आपला पोळाच म्हणा. फरक एवढाच की आपण आदल्या दिवशी बैलाच्या खांद्याला हळद-तूप चोळतो आणि सणाच्या दिवशी मानेवर जू ठेवत नाही. यांना त्या दिवशीही जुंपतात, कारण रविवारी सामने असतात. प्रसिद्धीचंही तसंच. केल्सीने सलग सात हंगाम हजार-हजार यार्ड काढले, तोवर दोन सुपर बोल जिंकले. सप्टेंबर २०२३ मध्ये गायिका टेलर स्विफ्ट स्टेडियममध्ये येऊन त्याच्या आईशेजारी बसली आणि त्याच्या जर्सीची विक्री जवळजवळ ४०० टक्क्यांनी वाढली. दोन सेकंद अडवणं, सहा यार्ड पळणं वगैरे वरती लिहिलंय, ते झालंच तर करा.

जर्सीवरून आठवलं. नंबर विचार करून घ्या. बाल्टिमोर कोल्ट्सचा जॉन मॅकी ८८ नंबर घालायचा. जानेवारी १९७१च्या सुपर बोलमध्ये दोन जणांच्या हातांना लागून आलेला चेंडू त्याने पकडला आणि ७५ यार्डांचा टचडाउन झाला. खेळाडूंच्या संघटनेचा तो अध्यक्ष होता. करार संपलेल्या खेळाडूला दुसरीकडे जायला लीग आडकाठी करत होती, म्हणून कोर्टात गेला आणि १९७६ मध्ये अपिलातही जिंकला. (टॅग १९९३ मध्ये आला. दावं तुटलं की नवं वळतात.) उतारवयात त्याला स्मृतिभ्रंश झाला. विमानतळावर तपासणीला बोटातली सुपर बोलची अंगठी काढून द्यायला तो तयार होईना, एवढंच काय ते लक्षात राहिलेलं. त्याच्या पत्नीने, सिल्व्हियाने, लीगला पत्र लिहिलं. २००७ मध्ये लीगने आणि संघटनेने मिळून अशा माजी खेळाडूंच्या देखभालीसाठी योजना काढली आणि तिला त्याच्याच जर्सीचा नंबर दिला, '८८ प्लॅन'. तेव्हा शुश्रूषागृहात ठेवावं लागलं तर वर्षाला जास्तीत जास्त ८८ हजार डॉलर मिळायचे. मॅकी २०११ मध्ये गेला.

२०२१ पासून नियम बदललाय, टाइट एंडला एक आकडी नंबरही घेता येतो. तरुण पोरं हौसेने ८ वगैरे घेतात. तुम्ही ऐंशीच्या पुढचाच मागा.