सात सेकंदांत माणूस ओळखायचा? आधी हळकुंड मोडून बघा

आमच्या घरच्या ग्रुपवर महिनाभर एक मेसेज फिरतोय: 'समोरचा माणूस कसा आहे हे मेंदू सात सेकंदांत ओळखतो, असं शास्त्राने सिद्ध केलंय. पहिला कौल कधीच चुकत नाही. विचार करत बसलात की फसलात.' परवा दुकानात पोरगा ठेवताना मामांनी हाच मेसेज पुढे केला, म्हणून लिहितोय.

सात सेकंद कशाला, मेंदूला तेवढेही लागत नाहीत. 2006 मध्ये जनीन विलिस आणि अलेक्झांडर टोडोरोव या मानसशास्त्राच्या संशोधकांनी लोकांना अनोळखी चेहरे सेकंदाचा जेमतेम दहावा भाग दाखवले. चेहरा विश्वासू वाटतो का, हे लोकांनी तेवढ्यात ठरवलं आणि निवांत बघून दिलेल्या मतांशी ते बरंच जुळलं. पण जुळलं ते मत मताशी. ती माणसं खरंच विश्वासू होती का, हे त्यांनी तपासलंच नव्हतं.

'कधीच चुकत नाही' यात थोडं तथ्य आहे, पण ते सांगलीच्या मार्केट यार्डात. हळदीच्या सौद्यात मुरलेला व्यापारी हळकुंड मोडतो, आतला रंग बघतो आणि भाव बोलतो. विचार करताना दिसतसुद्धा नाही. मात्र त्याचा अंदाज चुकला तर पैसे त्याच्याच खिशातून जातात, आणि असे फटके खाऊनच त्याची नजर तयार झालेली असते. 'डोळ्यांत लबाडी दिसते' म्हणून मामांनी परत पाठवलेला पोरगा प्रामाणिक निघाला, हे त्यांना कोण सांगणार? तो गेला दुसऱ्या दुकानात. चुकल्याचा निरोपच येत नाही, म्हणून कौल चुकत नाही!

आता विचाराने फसण्याचं. 1988 मध्ये मानसशास्त्रज्ञ डॅनियल गिल्बर्ट आणि सहकाऱ्यांनी एका चुळबुळणाऱ्या बाईची आवाज बंद केलेली चित्रफीत दाखवली. ती लाजिरवाण्या विषयांवर बोलतेय असं कळल्यावर बघणाऱ्यांनी तिला सूट दिली. अशा विषयावर कोणीही अस्वस्थ होईल. पण ज्यांना तेच विषय पाठ करायला लावले होते, त्यांना ही सूट देणं जमलं नाही. त्यांनी बाईचा स्वभावच घाबरट ठरवला. तिच्या चुळबुळीचं कारण डोक्यात होतं, ते वापरायला डोकं मोकळं नव्हतं. मामा मुलाखत घेतात ते फोन खांद्याला लावून, गिऱ्हाइकाला सुटे मोजत. पोरगा चाचरला तर तो लबाडच.

विचारही फार सोवळा नसतो, आधी ठरलेल्याची वकिली करण्यात तो पटाईत. एवढं मेसेजला देऊन टाकतो.

शिवाय आपल्याकडे चेहऱ्याच्या आधी आडनाव येतं. सुखदेव थोरात आणि पॉल अटवेल या संशोधकांनी सारख्याच पात्रतेचे अर्ज वेगवेगळ्या नावांनी खासगी कंपन्यांना पाठवले. 2007 मध्ये ते छापून आलं. दलित आणि मुस्लिम नावांना बोलावणं कमी. तिथे तर चेहरा कोणी बघितलाच नव्हता.

मामांना म्हटलं, आठ दिवस नव्या पोराला वजनकाट्यापाशी उभा करा, वही तपासा, मग ठरवा.

"करू की," मामा म्हणाले. "पण आडनाव काय म्हणालास त्याचं?"