कुसळ: डावं की उजवं?

मी मेडिकल कोडर आहे. रात्री साडेआठला पुण्यात लॅपटॉप उघडायचा, अमेरिकेतल्या डॉक्टरांनी लिहिलेले पेशंटचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला त्याचा कोड द्यायचा. तो बरोबर असला तर तिकडची विमा कंपनी पैसे सोडते. सासूबाई शेजारी सांगतात, "आमची सून रात्रभर आकडे लावते." तेव्हापासून सोसायटीचा वॉचमन मला सकाळी दबक्या आवाजात विचारतो, "मॅडम, आज काय येईल?"

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ ला कोडची जुनी यादी गेली, आयसीडी-१० ही नवी आली आणि १४ हजारांच्या आसपासचे कोड ७० हजारांच्या घरात गेले. बदकाने धडक दिली, कोड आहे. दिव्याच्या खांबावर आपटलात, कोड आहे. सासरच्यांशी पटत नाही, झेड-६३.१. हा एक मला यादी न उघडता येतो.

तर ऑगस्टातली सकाळ. आमच्या तळमजल्याच्या खिडकीशी सासूबाईंनी लावलेला शेवगा आहे. पावसाळ्यात त्याच्या खोडावर केसाळ सुरवंटांची गोधडी पसरते. शेंगा कोणाच्या, तर आईंच्या. सुरवंट मात्र सगळ्यांचे. शिफ्ट संपवून मी दोरीवरचे कपडे काढले, तोंड धुतलं आणि त्यातल्याच टॉवेलने खसाखसा पुसलं. टॉवेलच्या घडीत एक पाहुणा होता.

डाव्या डोळ्यात कोणीतरी मिरची वाटायला बसलं. मी चोळला. (चोळू नये. आठ वर्षं मी हेच वाचते आहे.) आईंनी पदराचा बोळा केला, त्यावर तोंडाची वाफ सोडली आणि डोळ्यावर दाबला. "कुसळ असेल, निघेल." नवरा म्हणाला, "अगं, कपडे काढताना झालं ना? म्हणजे वाय-९३.ई-२, कपडे धुणे!" लग्नाला बारा वर्षं झाली, त्याने माझ्याकडून शिकलेली ही एकमेव गोष्ट. मी एका डोळ्याने त्याच्याकडे पाहिलं. तो रिक्षा आणायला गेला.

डोळ्यांच्या डॉक्टरांनी हनुवटी मशीनवर ठेवायला लावली, बधिर करणारे थेंब टाकले, मग एक पिवळा थेंब, मग निळा उजेड. पापणी काडीवर उलटी केली. उलट्या पापणीने जग कसं दिसतं हे सांगण्यासारखं नाही. "हे बघा," ते म्हणाले, जणू मला बघता येणार होतं, "तीन केस आहेत." सुरवंटाच्या केसाला बारीक काटे असतात, त्यामुळे तो सिंहगड रोडवरच्या दुचाकीसारखा नुसता पुढे घुसतो, मागे म्हणून येत नाही. बुबुळातून थेट आतही जाऊ शकतो. म्हणून चिमट्याने निघतील तेवढे काढायचे आणि पुढेही तपासत राहायचं.

तिन्ही निघाले. आणि मला, खरं सांगते, डोळ्यातून पाणी वाहत असताना आनंद झाला. कारण याला नाव आहे: ऑफ्थॅल्मिया नोडोसा. झेमिश नावाच्या जर्मन डॉक्टरने १९०४ मध्ये ठेवलेलं. केसांभोवती गाठी धरतात म्हणून नोडोसा. जुन्या यादीत नुसतं ३६०.१४ होतं, डोळा कुठला याची पंचाईत नव्हती. आता एच-१६.२४१ उजवा, २४२ डावा, २४३ दोन्ही. आणि २४९ म्हणजे डोळा कुठला ते लिहिलेलंच नाही. तो टाकला की क्लेम परत येण्याची भीती. आठ वर्षांत हा कोड माझ्या हाती कधी आला नव्हता. शेवटी आला, तोही माझ्याच डोळ्यातून.

डॉक्टरांनी कागदावर लिहिलं: "एफ.बी., आय." म्हणजे डोळ्यात काहीतरी गेलं. संपलं. पोस्टकार्डालाही यापेक्षा जास्त मजकूर असायचा.

ऑफिसातून औषधपाण्याचे पैसे मिळतात, म्हणून बिल लावलं. चौथ्या दिवशी परत आलं: "कोणता डोळा, नमूद नाही." याच वाक्यासाठी मी रोज रात्री अमेरिकेतल्या डॉक्टरांचा जीव खाते. दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ मला बरोबर दिसतं.

पुन्हा दवाखाना. आमच्या धंद्यात डॉक्टरच्या तोंडी उत्तर घालायचं नाही असा कडक नियम आहे. "डावाच ना?" असं विचारणं पाप. सवयीने मी म्हणाले, "डॉक्टर, आपण कोणत्या डोळ्यावर उपचार केलेत, कृपया स्पष्ट करावं. उजवा, डावा, दोन्ही, किंवा सांगता येत नाही."

ते बराच वेळ माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "अहो मॅडम, लाल आहे तो."

बाहेर रांग होती. त्यांनी कागद काउंटरवरच्या मुलीकडे सरकवला, "यांना डोळा लिहून दे." ती समोर बसलेली. तिने मान वर केली, माझा लाल डोळा नीट पाहिला, तो तिच्या ज्या हाताला होता त्या हाताचा विचार केला आणि सुवाच्य अक्षरात लिहिलं: उजवा. शिक्काही मारला. मी घरी येऊन पाहिलं. पुन्हा जायची हिंमत नव्हती.

आठवड्याने पैसे जमा झाले. पूर्ण, एक रुपया न कापता, उजव्या डोळ्याचे. आता पुढच्या तपासणीला डावा घेऊन जायचं आहे, आणि आई विचारताहेत, जाताना डॉक्टरांसाठी दोन शेंगा नेतेस का.