गाडी सोडवायला अर्ज केला म्हणजे गुन्हा कबूल? हे कोणी सांगितलं?

माझ्या मावसभावाचा छोटा टेम्पो चार महिने एका पोलीस ठाण्याच्या आवारात उभा आहे. ड्रायव्हरने रात्री परस्पर भाडं मारलं, मालात चोरीची तांब्याची तार निघाली आणि टेम्पो मुद्देमाल झाला. भाऊ आरोपी नाही. तरी त्याने कोर्टात साधा अर्ज केला नाही, कारण टेम्पोवाल्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर ‘जप्त गाडीबाबत सावधान’ असा मेसेज फिरतोय आणि त्यावर त्याचा माझ्यापेक्षा जास्त विश्वास. हप्ते मात्र चालूच.

मेसेज म्हणतो, निकाल लागेपर्यंत गाडी सुटत नाही. खोटं. सुप्रीम कोर्टाने 1 ऑक्टोबर 2002 रोजी सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात सांगून टाकलंय की जप्त वाहनं ठाण्यात दीर्घकाळ ठेवून काही उपयोग नाही. बंधपत्र (अटी पाळण्याचं लेखी वचन) आणि हमी घेऊन ती सोडा. त्या प्रकरणातले आरोपी कोण, तर पोलीसच! ठाण्यातला मुद्देमाल बदलल्याचा, परस्पर लिलाव केल्याचा आरोप होता त्यांच्यावर.

आता सगळ्यात घातक वाक्य: ‘अर्ज केला की गाडी गुन्ह्यात वापरल्याचं तुम्ही लिहून दिलं असं होतं.’ हे ज्याने लिहिलं त्याने असा अर्ज कधी वाचलेला नाही. मालक त्यात एवढंच म्हणतो की गाडी माझी, ही आरसी, हा विमा, बोलवाल तेव्हा आणून उभी करतो. कोर्ट सरकारी वकिलांचा ‘से’ म्हणजे लेखी म्हणणं मागवतं, कागद बघतं आणि अंतरिम, म्हणजे निकालापर्यंतचा तात्पुरता, ताबा देतं. गुन्ह्याचा निवाडा तिथे होतच नाही. आणि 2002 च्या त्याच निकालात वाहनावर दावा करू शकणाऱ्यांत मालक, विमा कंपनी यांच्या जोडीला आरोपीसुद्धा आहे. अर्ज म्हणजे कबुली असती, तर आरोपीला त्या यादीत कोण बसवेल?

‘पुरावा नष्ट केला’ असा ठपका येईल, ही पुढची भीती. म्हणून तर आधी फोटो आणि पंचनामा करतात; खटल्यात तेच वापरता येतं. अटीही त्यासाठीच असतात: गाडी विकायची नाही, रंग-इंजिन बदलायचं नाही, सांगितल्यावर हजर करायची. जानेवारी 2025 मध्ये आसाममधल्या एका ट्रकबाबत, तेही हेरॉइनच्या केसमध्ये, सुप्रीम कोर्टाने असंच केलं. व्हिडिओ आणि फोटो काढा, खटला संपेपर्यंत विकू नका, आदेश झाला तर आठवड्यात गाडी परत द्या किंवा तिची किंमत भरा, अशा अटींवर ट्रक मालकाला मिळाला. हेरॉइनमध्ये सुटते, तारेत नाही?

‘गाडीच्या किमतीएवढी रोख भरा’ हे अर्धसत्य आहे, नाइलाजाने मान्य करतो. बंधपत्रावर मोठी रक्कम असते, पण ते वचन असतं; अट मोडली तर वसुली. काही कोर्टं जामीनदार किंवा बँक गॅरंटी मागतात. अट झेपत नसेल तर वरच्या कोर्टात दाद मागावी. बेकायदा वाळू वाहताना पकडलेल्या गाडीची गोष्ट वेगळी: तिथे महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48 खाली दंड भरावा लागतो, वर बाजारभावापर्यंतचं बंधपत्र. विमा संपलेल्या गाडीने अपघातात कोणी मेलं किंवा जखमी झालं, तर भरपाईपुरती सुरक्षा दिल्याशिवाय ती सुटत नाही, आणि ते योग्यच आहे. मेसेजवाल्याने हे सगळं एकाच भांड्यात ढवळलंय.

मेसेजचा आणखी एक दावा: ‘नव्या कायद्यात 30 दिवसांत अर्ज न केल्यास गाडी सरकारजमा.’ हेही चूक. हा नवा कायदा म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता; तिच्या कलम 497 मधल्या मुदती कोर्टासाठी आहेत: माल कोर्टासमोर आल्यावर 14 दिवसांत त्याचं लेखी वर्णन, नंतर 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश. मालकाला टांगायची तारीख ती नव्हे. सरकारकडे जाण्याचा प्रश्न मालकाचा पत्ताच नसेल, जाहीर उद्घोषणा होऊन सहा महिने कोणी फिरकलं नाही, तेव्हा येतो.

काल भावाला अर्जावर सही करायला लावली. मग दोघं टेम्पो बघून आलो. बॅटरी गेलीय, मागचं एक चाक बसलंय, आणि हौद्यात कोणीतरी भंगार सायकली टाकल्यात.