नागपूर केंद्रशासित होण्याबद्दलचा तो मजकूर तपासून पाहू

‘नागपूर १९५६ पर्यंत केंद्रशासितच होतं, राष्ट्रपतींच्या एका आदेशाने पुन्हा होईल, मग दिल्लीसारखी विधानसभा आणि वित्त आयोगाचा वाटा थेट नागपूरला,’ असा मजकूर नागपुरात हातोहात पुढे पाठवला जातोय.

तेव्हाचं नागपूर मध्य प्रदेशाची राजधानी होतं आणि मध्य प्रदेश घटनेतल्या तेव्हाच्या वर्गवारीत ‘अ’ भागातलं, म्हणजे पूर्ण राज्य होतं. केंद्राच्या अखत्यारीत होती ती भोपाळ, विंध्य प्रदेश अशी ‘क’ भागातली राज्यं. ‘केंद्रशासित प्रदेश’ हा प्रकारच मुळी सातव्या घटनादुरुस्तीने १ नोव्हेंबर १९५६ पासून आला.

आदेशाने काही होत नाही. अनुच्छेद ३ प्रमाणे संसदेचा कायदा लागतो. राष्ट्रपतींच्या शिफारशीशिवाय विधेयक मांडता येत नाही, आणि त्याआधी ते मुदत घालून महाराष्ट्र विधिमंडळाकडे पाठवावं लागतं. तेही मत घ्यायला, संमतीसाठी नव्हे. अनुच्छेद ४ मुळे साधं बहुमत पुरतं. नागपूरकरांनी हे विशेष लक्षात ठेवावं, कारण आपण मुंबई राज्यात आलो ते याच वाटेने. १९५६ च्या विधेयकात मुंबई केंद्रशासित, महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे, अशी योजना होती. तेव्हाच्या मुंबई विधिमंडळाने मत दिलं ते त्यावर. संसदेत योजना बदलून विदर्भासह द्वैभाषिक राज्य झालं. बाबूलाल पराते यांनी त्याला आव्हान दिलं, पण बदललेलं विधेयक पुन्हा विधिमंडळाकडे पाठवण्याची गरज नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं.

विधानसभा आपोआप मिळत नाही. अनुच्छेद २३९ देतो तो फक्त प्रशासक. दिल्लीसाठी ६९ वी घटनादुरुस्ती करावी लागली, आणि तिथेही पोलीस, सार्वजनिक सुव्यवस्था व जमीन हे विषय विधानसभेच्या हाती नाहीत. चंडीगडला विधानसभा नाही, राज्यसभेत एकही जागा नाही. आज नागपूर जिल्ह्याचे १२ आमदार आहेत.

सगळ्यात दिशाभूल पैशाबाबत होते. वित्त आयोगाच्या शिफारशीने केंद्रीय करांतला वाटा मिळतो तो राज्यांना. केंद्रशासित प्रदेश त्या वाटपात नसतात. विधानसभा नसेल तर त्यांचा खर्च केंद्राच्या अर्थसंकल्पातून चालतो, आणि तिथली वसुलीही भारताच्या संचित निधीत, म्हणजे केंद्राच्या तिजोरीत जमा होते.

निधीवरून विदर्भाची तक्रार खोटी नाही. त्यासाठीच अनुच्छेद ३७१(२) मध्ये विकास मंडळ आणि निधीचं समन्यायी वाटप यांची विशेष जबाबदारी राज्यपालांवर टाकण्याची सोय आहे. मंडळाची मुदत ३० एप्रिल २०२० ला संपली. पण ही तरतूद महाराष्ट्राच्या राज्यपालांसाठी आहे. नागपूर राज्याबाहेर गेलं, की तिचा आधारही सुटतो.