‘आयसो’चा अर्थ आणि एक प्रतिक्रिया

आयसोट्रेटिनॉइन या मुरुमांवरच्या औषधाच्या नावाच्या अर्थावर मी लिहिलेल्या लेखाखाली एका वाचकांची लांबलचक प्रतिक्रिया आली आहे. त्यांनी नाव दिलेलं नाही, म्हणून मीही नुसतं ‘तुम्ही’ म्हणते. ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. त्यांचं म्हणणं असं: लेखिका डॉक्टर नाही. ‘आयसो’ म्हणजे ‘समान’ असं लिहून तिने ट्रेटिनॉइन आणि आयसोट्रेटिनॉइन ही दोन औषधं एकच असल्याचा समज पसरवला. जो रेणू शरीरातही तयार होतो त्याला तिने कृत्रिम म्हटलं. गरोदरपणाचा इशारा तळाशी एका ओळीत उरकला. परवानगीचं साल चुकवलं. आणि शेवटी हे वाक्य, जसंच्या तसं: ‘औषधाच्या नावाची फोड करत बसणं हा रिकामटेकडा उद्योग आहे, औषध नावाने नाही, रेणूने काम करतं.’

साल चुकलं, हे खरं आहे. मी १९७९ लिहिलं होतं. त्या वर्षी अमेरिकी त्वचारोगतज्ज्ञ गॅरी पेक आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा शोधनिबंध आला. कशालाही दाद न देणाऱ्या, गाठी होणाऱ्या मुरुमांच्या १४ रुग्णांना त्यांनी हे औषध दिलं होतं आणि त्यातल्या १३ जणांची त्वचा पूर्ण स्वच्छ झाली होती. अमेरिकेच्या औषध प्रशासनाची परवानगी मिळाली १९८२ मध्ये. माझ्या टिपणात ही दोन सालं एकाखाली एक होती, उतरवताना वरचं उचललं गेलं. चूक माझी. दाखवून दिलीत, आभारी आहे.

पण एक साल चुकलं म्हणून अख्खा लेख ‘रिकामटेकडा’ कसा ठरतो, ते मला समजलेलं नाही. हा शब्द मी दोन दिवस डोक्यात घेऊन फिरते आहे. मुद्दा पटला नाही तर ‘पटला नाही’ म्हणता येतं. ‘अपुरा आहे’ म्हणता येतं. रिकामटेकडा हा शब्द मुद्द्याला लागत नाही, माणसाला लागतो. त्या लेखासाठी मी किती संध्याकाळी खर्च केल्या हे तुम्हाला ठाऊक असायचं कारण नाही, पण ठाऊक नसताना असा शब्द वापरायचीही गरज नव्हती. मी डॉक्टर नाही, हे लेखाच्या तिसऱ्याच वाक्यात मी स्वतः लिहिलं आहे. जे मी आधीच कबूल केलंय, तेच माझ्यावर आरोप म्हणून परत फेकायचं, याला काय म्हणायचं?

आता त्या वाक्याकडे येते. औषध रेणूने काम करतं, बरोबर. पण रेणू कोणाच्या हातात दिसतो? रुग्णाच्या हातात पाकीट येतं. त्यावर कंपनीचं ठेवलेलं नाव मोठ्या अक्षरात असतं, आणि खाली बारीक अक्षरात खरं नाव. मोठं नाव कंपनीच्या मर्जीचं असतं. हे औषध रोश या कंपनीने बाजारात आणलं ते अमेरिकेत ॲक्युटेन या नावाने आणि इतर अनेक देशांत रोॲक्युटेन या नावाने. २००९ मध्ये रोशने अमेरिकेतलं ॲक्युटेन बंद केलं. औषध मात्र बंद झालं नाही, ते इतर कंपन्यांच्या नावांनी मिळत राहिलं. एवढ्या सगळ्या बदलात जे बदललं नाही ते बारीक अक्षरातलं नाव. जागतिक आरोग्य संघटना १९५० च्या दशकापासून ही नावं ठरवण्याचं काम करते आहे, आणि ती अशी ठरवते की एका कुळातली औषधं शक्यतो नावावरून ओळखू यावीत. म्हणजे नावातून अर्थ निघावा हा मुळात त्या नावं ठेवणाऱ्यांचाच हेतू. मग तो अर्थ शोधणारी मी तेवढी रिकामटेकडी?

माझा अनुभव सांगते. लेखात तो मुद्दाम टाळला होता, कारण मला स्वतःचं रडगाणं गायचं नव्हतं. पण तुम्ही विषय इथवर आणलात.

तेविसाव्या वर्षी मला आयसोट्रेटिनॉइन सुरू झालं. पाठीवर आणि जबड्याच्या कडेला गाठी यायच्या, उशीवर गाल टेकवता यायचा नाही. डॉक्टर घाईत होते. ‘अ जीवनसत्त्वाच्या कुळातलं औषध आहे, त्वचेला चांगलं’ एवढं त्यांनी सांगितलं, आणि मी तेवढंच लक्षात ठेवलं. घरात अ जीवनसत्त्वाच्या गोळ्यांची एक बाटली होती, तीही मी त्याच्या बरोबरीने सुरू केली. एकाने चांगलं होत असेल तर दोन्हींनी लवकर होईल, असा साधा हिशोब. सहाव्या आठवड्यात जांभई दिली की ओठांचे कोपरे फाटून रक्त यायचं. ओठांचं एक वेळ सोडून देऊ, ते एकट्या आयसोट्रेटिनॉइननेही फुटतात, जवळजवळ सगळ्यांचेच. पण तळहाताची सालं निघायला लागली, आणि रोज सकाळी उठल्यावर डोकं असं जड व्हायचं की खाली वाकून चपला घालता यायच्या नाहीत.

एका रात्री बाटली आणि पाकीट टेबलावर शेजारी शेजारी ठेवून मी बारीक अक्षरं वाचली. बाटलीवर होतं ‘रेटिनिल पाल्मिटेट’. पाकिटावर ‘आयसोट्रेटिनॉइन’. बोट ठेवून अक्षरं जुळवत गेले, आणि ‘रेटिन’ दोन्हीकडे सापडलं. तेव्हा मला रसायनशास्त्राचं काहीही येत नव्हतं. फक्त अक्षरं जुळली. बाटली त्याच रात्री बंद केली, सकाळी डॉक्टरांना फोन केला. ते म्हणाले, ‘हे आधी सांगायला हवं होतं तुम्ही.’ मी सांगायला हवं होतं! या औषधासोबत अ जीवनसत्त्वाच्या जादा गोळ्या घेऊ नयेत, दोन्हींचा विषारी परिणाम एकात एक मिसळून वाढतो, ही सूचना औषधाच्या माहितीपत्रकात छापलेली असते. मला ती कोणी वाचून दाखवली नव्हती. रक्ततपासणीत लिव्हरचे आकडे वाढलेले निघाले. बाटली बंद केल्यावर दोन-तीन आठवड्यांत डोक्याचा जडपणा उतरला.

तेव्हा ‘नावाची फोड’ हा माझ्यासाठी छंद नाही. त्यानेच मला वाचवलं आहे.

राहता राहिलं ‘आयसो’. तुम्ही म्हणता, मी ‘समान’ असा अर्थ देऊन गैरसमज पसरवला. माझं वाक्य होतं: ‘ग्रीक आयसोस म्हणजे समान, दोन्ही रेणूंत अणू तेच आणि तेवढेच, रचना वेगळी.’ तुम्ही पहिल्या स्वल्पविरामापर्यंत वाचलंत आणि पुढचं सोडून दिलंत. रसायनशास्त्रात ‘समघटक’ हा शब्द शाळेपासून आपण वाचतो. ‘सम’ आहे म्हणून दोन समघटक एकच पदार्थ असतात, असं कुठला विद्यार्थी म्हणतो?

तरीही पुन्हा सांगते, या वेळी अधिक सोपं करून. ट्रेटिनॉइन आणि आयसोट्रेटिनॉइन या दोन्हींत २० कार्बन, २८ हायड्रोजन आणि २ ऑक्सिजन. एका टोकाला कड्यासारखं वलय, पुढे लांब शेपटी, शेपटीच्या टोकाला आम्ल. हात समोर सरळ धरा, बोटं ताठ. हे ट्रेटिनॉइन. आता फक्त मनगटातून पंजा वळवा. हाडं तीच, बोटं तीच, पण त्या पंजाने आता तुम्ही तीच कडी पूर्वीसारखी पकडू शकत नाही. हे आयसोट्रेटिनॉइन. तेराव्या कार्बनपाशी असलेल्या दुहेरी बंधाजवळ शेपटी वळली आहे. लॅटिनमध्ये ‘ट्रान्स’ म्हणजे पलीकडे, ‘सिस’ म्हणजे अलीकडे. पहिला रेणू सगळीकडे ट्रान्स, दुसरा तेराव्या ठिकाणी सिस.

आणि इथेच मला या नावातली सर्वांत मोलाची गोष्ट सापडली होती, जिच्याबद्दल तुमच्या प्रतिक्रियेत चकार शब्द नाही. ट्रेटिनॉइनमधला सुरुवातीचा ‘ट’ आला आहे ‘ट्रान्स’मधून: ट्रान्स, रेटिनोइक आम्ल, आणि शेवटी ‘इन’. आयसोट्रेटिनॉइन हे नाव त्याच नावाला पुढून ‘आयसो’ जोडून झालं. म्हणजे ज्या रेणूची ओळखच ‘तेराव्या ठिकाणी ट्रान्स नाही’ ही, त्याच्या पोटात ट्रान्सचा ‘ट’ अजून बसलेला आहे. मला हे कळलं तेव्हा मी उठून खोलीत दोन फेऱ्या मारल्या होत्या. नावाला आपला जन्म आठवतो. ‘रेटिन’चंही तेच. ते आलं डोळ्याच्या दृष्टिपटलावरून, रेटिनावरून, आणि त्याच्या मुळाशी लॅटिन ‘रेटे’, म्हणजे जाळं. जॉर्ज वाल्ड या अमेरिकी शास्त्रज्ञांना १९३३ मध्ये दृष्टिपटलात अ जीवनसत्त्व सापडलं, १९६७ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. पुढे हे कुळ त्वचेपर्यंत पोचलं तरी नावात डोळा राहिला. आणि आयसोट्रेटिनॉइन घेणाऱ्या काहींना अंधारात कमी दिसायला लागतं, कारण अंधारात पाहण्यासाठी लागणारं रंगद्रव्य डोळ्यात पुन्हा तयार होण्याचं काम मंदावतं. रात्री गाडी चालवणाऱ्याने हे लक्षात ठेवायलाच हवं. नाव वाचणाऱ्याला निदान प्रश्न तरी पडेल.

दोन औषधं एक नाहीत हे मला शिकवायची गरज नव्हती, कारण हा फरक किती मोठा आहे ते त्याच लेखात आहे. ट्रेटिनॉइनचं मलम १९७१ पासून मुरुमांवर लावलं जातं. पण त्याच ट्रेटिनॉइनची कॅप्सूल रक्ताच्या एका कर्करोगावर देतात. शांघायमध्ये वांग झेन-यी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ते करून दाखवलं, त्यांचा निबंध १९८८चा. अर्धवट वाढून अडकलेल्या पेशी या औषधाने मारल्या जात नाहीत, त्या पुढे वाढून प्रौढ होतात. आयसोट्रेटिनॉइनची कॅप्सूल मात्र मुरुमांसाठी, त्वचेतल्या तेलग्रंथी आक्रसवणारी. आणि आणखी एक: आयसोट्रेटिनॉइनचा काही भाग शरीरात वळण सोडून ट्रेटिनॉइन होतो आणि बराचसा परिणाम तसाच साधतो, असं मानलं जातं. म्हणजे ही भावंडं तुम्हाला वाटतात तितकी परकीही नाहीत. हे तुमच्या प्रतिक्रियेत असतं तर मी आनंदाने वाद घातला असता.

‘कृत्रिम’ शब्दाबद्दल: हा रेणू शरीरात थोड्या प्रमाणात असतो, मान्य. कॅप्सूलमधला कारखान्यात तयार होतो. पुढे जाऊया.

गरोदरपणाच्या इशाऱ्याबद्दल: इशारा लेखात होता. शेवटी होता, पण होता. या औषधाने गर्भाच्या मेंदूत, हृदयात, कानांत गंभीर व्यंग येऊ शकतं, औषध सुरू करण्याआधी एक महिना, चालू असताना आणि थांबवल्यावर एक महिना गर्भधारणा टाळावीच लागते, हे मी लिहिलं आहे. अमेरिकेत २००६ पासून त्यासाठी नोंदणीची सक्ती आहे, तेही लिहिलं आहे. जो लेख शेवटपर्यंत वाचतो त्याला ते दिसतं. माझा लेख नावावर होता, उपचारावर नव्हता.

एका ठिकाणी तुम्ही म्हणता, ‘सगळ्याच नावांतून कुठे कळतं?’ नाही कळत. मुरुमांवरचं ॲडापालीन रेटिनॉइड आहे, म्हणजे याच कुळातलं, पण नावात ‘रेटि’ कुठेही नाही. पण जिथे कळतं तिथे किती कळतं ते पाहा. सोरायसिसवर आधी एट्रेटिनेट होतं. ‘एट’ने संपणारं, पाल्मिटेटसारखं, म्हणजे एस्टर, आम्ल आणि अल्कोहोल जोडून झालेलं संयुग. चरबीत मुरून बसणारं. शरीरातून निम्मं जायला सुमारे १२० दिवस. मग त्याच्या जागी ॲसिट्रेटिन आलं, त्या एस्टरमधून सुटं झालेलं आम्ल, निम्मं जायला साधारण दोन दिवस. सुटका झाली असं वाटलं. पण सोबत दारू घेतली तर शरीर त्याला पुन्हा एट्रेटिनेट बनवतं. म्हणून बायकांना औषध थांबवल्यावरही तीन वर्षं गर्भधारणा टाळायला सांगतात. दोन नावं शेजारी ठेवली की हे येणं-जाणं समजायला सोपं जातं. मला तरी गेलं. तुम्हाला जात नसेल तर तो माझा दोष नाही.

मी उत्तर लांबवलं याचं कारण तुमचं एकच वाक्य आहे. बाकीचे मुद्दे तुम्ही नीट शब्दांत मांडले असते तर मी तेही नीट घेतले असते. जवळच्या कुणाला हे औषध चालू असेल आणि त्या काळजीतून तुम्ही लिहिलं असेल, तर ते मला समजतं. पण मग तसं लिहायचं होतं.

लेखातलं १९७९ काढून १९८२ केलं आहे आणि पेक यांच्या निबंधाचं साल वेगळं दिलं आहे. ॲसिट्रेटिनवर पुढचा लेख लिहिते आहे. तुमची प्रतिक्रिया काढलेली नाही, ‘रिकामटेकडा’सकट तिथेच आहे.