विजू खोटे दुर्गाबाईंचे चिरंजीव नव्हेत

व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणाऱ्या एका फोटोखाली लिहिलंय की ‘शोले’तला कालिया, म्हणजे विजू खोटे, हे दुर्गा खोटे यांचे चिरंजीव. आडनाव एकच, म्हणून नातं जोडून टाकलेलं दिसतं. विजूंचे वडील नंदू खोटे, मूकपटांच्या काळातले नट. दुर्गाबाईंचे पती विश्वनाथ हे नंदूंचे भाऊ, म्हणजे दुर्गाबाई विजूंच्या काकू. दुर्गाबाईंचे मुलगे बकुल आणि हरिन. (विजयाबाई मेहतांचं पहिलं लग्न या हरिनशी झालं होतं.) विजूंच्या सख्ख्या बहीण शुभा खोटे. त्यांनाही काही जण दुर्गाबाईंची लेक करून टाकतात!

‘शोलेनंतर हा माणूस गायब झाला’ हे त्याच मजकुरातलं वाक्य तर निव्वळ अन्याय. ‘शोले’ 1975चा. त्यानंतर ‘अशी ही बनवाबनवी’तला बळी (1988), दूरदर्शनवरच्या ‘जबान संभाल के’मधले विठ्ठल बापूराव पोटे आणि 1994च्या ‘अंदाज अपना अपना’तला रॉबर्ट, हे सगळे तेच. मराठी रंगभूमीवरचं काम वेगळंच. 30 सप्टेंबर 2019ला मुंबईत त्यांचं निधन झालं. मेसेज पुढे पाठवायचाच असेल, तर निदान नातं दुरुस्त करून पाठवा.