एका दिवसात मतदान, आठ महिने वाटाघाटी

डिसेंबर 2024 मध्ये लोकसभेत ‘एक देश, एक निवडणूक’चं, म्हणजे लोकसभा आणि विधानसभांच्या निवडणुका एकत्र घेण्याचं विधेयक आलं, तेव्हापासून पुण्यातल्या मित्रमंडळींचं एक वाक्य ठरलेलं आहे: “तुमच्याकडे बरं असतं, सगळं एकदाच उरकतात.” मी राहते अँटवर्पला. बेल्जियमनं खरंच सगळं एकदाच उरकलं, आणि ते पाहिल्यापासूनच माझा या विधेयकातला रस आटला आहे.

जून 2024 मध्ये युरोपियन युनियनच्या 27 देशांत युरोपियन संसदेसाठी मतदान झालं. बेल्जियमनं 9 जूनच्या रविवारी तिघांचं एकदमच उरकलं: युरोपियन संसद, देशाची संसद आणि प्रादेशिक विधिमंडळं. पुढे काय झालं? फ्रेंचभाषक वालोनिया प्रदेशाचं सरकार जुलैत बसलं, फ्लेमिश (डच) बोलणाऱ्या फ्लँडर्सचं सप्टेंबर संपता संपता, देशाचं थेट 3 फेब्रुवारी 2025 ला. आमच्याच शहराचे महापौर बार्ट दे वेव्हर पंतप्रधान झाले. ब्रुसेल्स प्रदेशात तर दीड वर्ष उलटलं तरी जमलं नव्हतं. (याआधी 2010 च्या निवडणुकीनंतर देशाला सरकार मिळायला 541 दिवस लागले होते. हे सांगितल्यावर एक मित्र म्हणाला, “म्हणजे सरकार नसलं तरी चालतं की!”)

याचं खापर मी एकत्र मतदानावर फोडत नाही. इथे मतांच्या प्रमाणात जागा मिळतात, त्यात फ्लेमिश आणि फ्रेंच भाषकांचे पक्षही वेगळे. मोट बांधायला वेळ लागणारच. पण तारीख एक केली की स्थैर्य येतं, हे मात्र कुणी मला सांगू नये. एकत्र निवडणुकांचा आराखडा देणाऱ्या रामनाथ कोविंद समितीनं सुचवलेला उपाय आणखी विचित्र आहे. सभागृह मध्येच बरखास्त झालं, तर नवं सभागृह फक्त उरलेल्या मुदतीपुरतं. म्हणजे निवडणुका कमी करण्याच्या नादात दीड-दोन वर्षांसाठी आमदार निवडून द्यायचे.

आणि महाराष्ट्राचं 2024 आठवा. लोकसभेला महाविकास आघाडीला 48 पैकी 30 जागा, आणि नोव्हेंबरात विधानसभेला महायुतीच्या तीन मोठ्या पक्षांना 288 पैकी 230. मधल्या काळात लाडकी बहीण योजना आली, पैसे खात्यात पडले. त्याला कुणी लाच म्हणो, कुणी कल्याण. पण लोकसभेला फटका बसला म्हणूनच सरकार जागं झालं, हे दोन्ही बाजू खासगीत मान्य करतात. दोन्ही मतदानं एकाच दिवशी असती, तर मतदाराला हा दुसरा डाव मिळालाच नसता.

पुण्याशी वाद घालताना माझा खरा संताप वेगळ्याच गोष्टीवर असतो. पुणे महापालिकेची निवडणूक फेब्रुवारी 2017 मध्ये झाली. मार्च 2022 मध्ये मुदत संपली, प्रशासक आला आणि बसलाच. मुंबईतही तेच. ओबीसी आरक्षणाचा खटला, प्रभागरचनेचे बदल, तारखांवर तारखा. शेवटी सर्वोच्च न्यायालयानं कान पिळल्यावर 15 जानेवारी 2026 ला मतदान झालं. मुदत संपायच्या आत निवडणूक घ्या, असं घटनेच्या कलम 243-यू मध्ये स्पष्ट लिहिलेलं असताना! जवळजवळ चार वर्षं नगरसेवकच नव्हता. गटार तुंबलं तर कुणाच्या दारात उभं राहायचं? अशा राज्यात बसून “निवडणुका फार होतात” ही तक्रार ऐकली की हसावं की रडावं कळत नाही.

इथे ऑक्टोबर 2024 मध्ये मी पालिकेसाठी मत दिलं. पासपोर्ट भारतीयच. युरोपियन युनियनबाहेरच्या माणसाला पाच वर्षं राहिल्यावर, आधी नाव नोंदवून आणि इथली घटना पाळीन अशी सही करून पालिकेपुरतं मत देता येतं. केंद्रावर हातात एक चिपकार्ड देतात. पडद्यावर बोटानं मत द्यायचं, यंत्रातून छापील कागद येतो, त्यावर आपण कुणाला मत दिलं ते वाचायचं, घडी घालायची आणि पेटीपाशी जाऊन स्वतःच स्कॅन करायचा. कागद पेटीत राहतो. आपल्या इव्हीएमला जोडलेल्या व्हीव्हीपॅट यंत्राची चिठ्ठी काचेआड सात सेकंद दिसते, तेवढ्यात चष्मा लावायचा की चिन्ह बघायचं? इव्हीएमचे समर्थक आणि विरोधक दोघांनीही ही यंत्रं एकदा बघावीत.

पुण्याच्या मतदारयादीतही परदेशस्थ भारतीय म्हणून मला नाव घालता येतं, सहा-अ नंबरचा अर्ज भरून. मत द्यायला मात्र स्वतः केंद्रावर हजर राहावं लागतं. परदेशातल्या बेल्जियन माणसाला देशाच्या संसदेसाठी टपालानं, वकिलातीत जाऊन किंवा दुसऱ्याला अधिकार देऊन मत देता येतं. हे विधेयक ज्या संयुक्त संसदीय समितीकडे गेलं, तिला निवडणूक सुधारणांची एवढीच हौस असेल, तर सुरुवात इथून करायला हरकत नव्हती.

अँटवर्पची पुढची पालिका निवडणूक ऑक्टोबर 2030 च्या दुसऱ्या रविवारी आहे. कायद्यातच लिहिलंय, कुणाला विचारावं लागत नाही. पुण्याच्या सभागृहाची मुदत त्यानंतर काही महिन्यांतच संपेल. तिथली तारीख मात्र आज कुणालाच सांगता येत नाही.